दोन गुंठे, तालुका खानापूर

दिल्लीत बादशहाचा दरबार भरला, त्याच महिन्यात सुप्याच्या रानातल्या कुंभारवाडा गावात मिराश्यांच्या खळ्यावरही एक दरबार भरला होता. दिल्लीला हत्ती जास्त असतील. पण आरडाओरडा इथं जास्त होता, हे कुणीही छातीठोक सांगितलं असतं.

प्रश्न एवढाच होता, की कोर्ट कुठलं?

आठ दिवसांपूर्वी लोंढ्याचा लखू ठेकेदार चार गडी घेऊन आला आणि त्यानं मिराश्यांच्या खालच्या मळ्यात खुंट्या ठोकल्या. मळा आता माझा, म्हणाला. तुमच्या मधल्या झिलूनं मला विकलाय, खानापूरच्या कचेरीत अंगठा देऊन. माघ लागला की इथं माझ्या लाकडांचा डेपो उभा राहील. त्या दिवशी मिराश्यांच्या घरात चूल पेटली नाही. रान जाळून नाचणी पेरायची कुमरी सरकारनं कधीच बंद केली होती. वरच्या अंगाचे दोन वाफे म्हणजे नुसता दगड. घरातल्या सोळा तोंडांचा भात त्या एका खालच्या मळ्यातून यायचा. तो गेला, तर मिराश्यांना लखूच्याच लाकडांखाली खांदा द्यायला जावं लागणार, हे सांगायला जोशी नको होता.

पण माणसाचा स्वभाव मोठा गमतीचा. धाकटा परशू तंगडतोड करत खानापूरला गेला आणि खरेदीखताची नक्कल घेऊन आला. हळ्याळचा अर्जनवीस सुब्राय शानभोग निरोप मिळताच येऊन घोंगडीवर बसला आणि म्हणाला, "फसवणुकीचा दावा लावता येतो." झालं! सुतकाची एकदम जत्रा झाली. घरातल्या कुणी आजवर कोर्टाची पायरी पाहिली नव्हती. मुलीला एकाच वेळी चार स्थळं सांगून यावीत तशी आता कोर्टं पुढ्यात आली होती, आणि प्रत्येकाला आपलंच स्थळ पसंत होतं.

"कारवार," थोरला नारायण तिसऱ्यांदा म्हणाला. "तितला जज्ज मोठा. ल्हान जज्जाकडं मोठं काम न्हेऊन काय उपेग?"

"अण्णा, तुमास्नी दर्या बगायचाय," परशू म्हणाला.

"मग? दर्या दिसला तर डोळं मिटून घिऊ?"

"हळ्याळ जवळ पडतंय. शिवाय तितल्या कोर्टातला बेलीफ माज्या वळकीचा हाय."

"कसली वळक?"

"त्येची म्हस रानात चुकलेली. म्या हुडकून दिली."

"म्हस दील की तुज्या बाजूनं साक्ष," नारायण म्हणाला, आणि खळं हसून हसून लोळायचं तेवढं राहिलं.

खळ्याच्या कडेला तीन दगडांच्या चुलीवर गिरजा कणगांचे कंद उकडत होती. नारायणाची बायको, घरातली थोरली. लग्न होऊन आली त्याला पस्तीस वर्षं झाली होती, पण हसू आलं की अजून तिला पदराचा बोळा तोंडात कोंबावा लागायचा. आताही तिनं तो कोंबला होता. मळ्याची काळजी नव्हती असं नाही. मळ्याच्या काळजीनं तीन रात्री तिचा डोळा लागला नव्हता. पण ही माणसं अशी बोलायला लागली की काळजीलाही लाज वाटून ती बाजूला होत असे.

सगळ्यात मजा झिलूची होती. आठ दिवस तो खांबाला टेकून मान खाली घालून बसला होता आणि त्याची बायको केशर त्याच्या ताटात भाकरी लांबूनच टाकत होती. पण कोर्टकचेरीच्या गोष्टी सुरू झाल्या आणि घराच्या ध्यानात आलं, की सरकारी कचेरी आतून पाहिलेला माणूस आपल्यात एकच आहे. गुन्हेगार तो होता, आणि जाणकारही तोच.

"परत एकडाव सांग," नारायण म्हणाला. "सायबानं काय काय इचारलं?"

झिलू खाकरला. "सायेब म्हणाला, कागद समजून घेतलास? म्या म्हटलं, व्हय. राजीखुशीनं देतोस? व्हय. कुणी धाकदपटशा केला न्हाई न्हवं? व्हय."

"त्येला तरी न्हाई म्हणायचं हुतंस!" परशूनं कपाळावर हात मारला.

"लखू म्हणालेला, सायेब काय बी इचारू दे, तू व्हय म्हण, न्हाईतर बांबू वडायचा ठेका हातचा जाईल. मला काय ठावं, बांबूच्या नावाखाली त्यो मळा वडतोय."

"गळ्यात धोंडा बांदून काळी नदीत उडी घेतोस का, आसं इचारलं आस्तं तर?" दारातून केशर कडाडली.

झिलूनं खरोखरच क्षणभर विचार केला. "व्हय म्हटलं आस्तं," तो प्रामाणिकपणे म्हणाला. "पर केशरे, आगगाडी! लोंढ्यास्नं खानापूरपतोर बसून गेलो बग. झाडं उलटी पळत हुती!"

केशरनं हसू दाबायचा फार प्रयत्न केला. दाबलं गेलं नाही. मग तिनं त्याच्या पुढ्यात कणगांची पाटी दाणकन ठेवली, आणि नवरा-बायकोचं सूत जमलं हे साऱ्यांना कळलं.

"साकु, साकु!" शानभोगानं हात वर केले. म्हातारा जन्मानं कानडी, पण पन्नास वर्षं या रानातल्या लोकांचे अर्ज लिहून मराठी त्याच्या जिभेवर रुळली होती. रागावला किंवा हरखला तरच कानडी वर यायची. "बस करा आता. कोर्ट तुम्ही ठरवत नाही, मी ठरवत नाही. जमीन ठरवते. जमीन जिथं, दावा तिथं. मळा आपल्या सुपे पेट्यात, पेटा हळ्याळ तालुक्यात, म्हणून कोर्ट हळ्याळचं."

परशूनं मांडीवर थाप मारली. नारायणाच्या तोंडावरून कारवारचा दर्या ओसरला.

"पण एक गोष्ट मला कालपासून छळत होती," शानभोग पुढं म्हणाला. "मळा इथं, मग नोंद खानापूरला कशी? दुसऱ्या तालुक्यातली जमीन ती कचेरी नोंदवतच नाही. आज कागदाचा तपशील नीट लावला तेव्हा उलगडा झाला. ऐका." त्यानं चष्मा सावरला आणि वाचायला लागला. "कलम दुसरे. मौजे कापोली, तालुका खानापूर, येथील परड्याची दोन गुंठे जमीन, आत फणसाचे एक झाड, जी विकणाराची भावजय गिरजा हिला तिचे बापाने लग्नात आंदण दिली असून आज एकत्र कुटुंबाचे मालकीची आहे, तीही सदरहू विक्रीत दिली आहे."

गिरजाचा हात उकळत्या पाण्यात गेला. ती ओरडली, पण खळ्यावर सगळेच एकदम ओरडले होते, म्हणून ते कुणाला ऐकू आलं नाही.

"वैनीचा फणस बी इकलास?" परशू झिलूच्या अंगावर धावला.

"मला काय ठावं!" झिलू म्हणाला. "लखूनं इचारलं, खानापूर तालुक्यात तुमच्या घराचं काय हाय का? म्या म्हटलं, हाय म्हंजे? आमच्या थोरल्या वैनीचा फणस हाय, सबंद सुप्यात तसला गरा गावायचा न्हाई!" आणि एवढं सगळं होऊनही हे सांगताना त्याची छाती फुगली.

"बघा लबाडी!" शानभोगानं कागदावर बोट आपटलं. "सुप्याला नोंदवायला गेला असता, तर कचेरीच्या दारातच चार ओळखीच्यांनी विचारलं असतं, काय झिलू, मळा विकतोस? म्हणून लखूनं दोन गुंठ्यांची शेपटी जोडली आणि अख्खा मळा खानापूरला ओढून नेला. थोडी जरी जमीन त्या तालुक्यात असली, तरी सगळा कागद तिथं नोंदवता येतो. कचेरीचा यात दोष नाही. कागदावर होतं ते त्यांनी नोंदवलं."

गिरजा फुंकर घालत हाताकडं पाहत राहिली.

कारण तिचा फणस नव्हताच. म्हणजे फणस होता. कापोलीत होता, परड्यात होता, गरेही खरोखर मधासारखे होते. पण ते परडं कापोलीच्या गावकराचं, झाड गावकराचं. गिरजाचा बाप रवळू त्या गावकराकडं सालगडी. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा तिच्याबरोबर दोन तांब्याची भांडी होती, त्यातलं एक पोचलेलं. सासू रोज उठून त्या पोच्यावरून टोमणे मारायची. महिनाभर गिरजानं ऐकून घेतलं, आणि एक दिवस तिच्या तोंडून निघून गेलं, की भांडी राहू द्या, माझ्या बापानं माझ्या नावानं दोन गुंठे ठेवलेत कापोलीत, फणसासकट. सासूचं तोंड बंद झालं. गिरजाला वाटलं, संपलं. पण खोटं बोलणं सोपं असतं, त्याला दरवर्षी फळं आणणं कठीण. त्या वैशाखापासून ती माहेरी जायची, तीन दिवस गावकराच्या घरी भात कांडायची, आणि कांडणाचे दोन फणस डोक्यावर घेऊन घाट उतरून यायची. खळ्यावर फणस फोडला जायचा, वाडीभर गरे वाटले जायचे, आणि नारायण प्रत्येकाला सांगायचा, "आमच्या हिच्या जमिनीतला."

सासू गेली. बाप गेला. फणस मात्र घट्ट उभा राहिला, आणि आता तर सरकारी कागदावर जाऊन बसला होता.

"म्हंजे शानभोग," नारायण विचार करत म्हणाला, "दोन गुंठं खानापुरात. मग दावा बेळगावाकडच्या कोर्टात बी लागंल?"

शानभोगाला खोटं बोलता आलं नाही. "लागेल. जमीन दोन ठिकाणी असली, की दोन्हीपैकी कुठल्याही कोर्टात लागतो."

"बेळगाव!" झिलू उठून उभाच राहिला. "आगगाडीनं जायाचं! समद्यांनी!"

त्या एका शब्दानं घरातल्या फळ्या फिरल्या. नारायणानं कारवारला क्षणात सोडचिठ्ठी दिली. केशरचं माहेर खानापूरच्या ठेसनाजवळ, तिला दुसरं काही सुचेचना. तिथं उतरू, आई कोंबडं कापील, दुसऱ्या दिवशी कोर्टाला जाऊ, असा तिनं बेत आखूनही टाकला. परशू बेलीफ आणि म्हशीला धरून एकटा पडला. आणि मग सगळ्यांच्या माना एकदम गिरजाकडं वळल्या.

"आगं, तू मालकीण!" नारायण म्हणाला. "तुजं नाव हाय कागदात. जज्जाम्होरं तुलाच हुबं ऱ्हायाचं."

"अक्का, माजं हिरवं लुगडं नेसा," केशर म्हणाली. "खणाची चोळी मी दीन."

"हळ्याळच बरं की," गिरजा पुटपुटली. "जवळ पडतंय."

"जवळ म्हणून नवरीनं शेजारच्याच घरात पडायचं व्हय?" नारायण म्हणाला, आणि पुन्हा हशा.

आता खरं सांगायचं तर, गिरजाला आतून गुदगुल्याही होत होत्या. पस्तीस वर्षं जीव मुठीत धरून सांभाळलेली थाप, तिला सरकारनं शिक्का मारून दिला होता. हिरवं लुगडं नेसून ती मोठ्या कोर्टात उभी आहे, आणि जज्ज विचारतोय, बाई, ही जमीन तुमची? क्षणभर तिला ते दिसलं, आणि बरं वाटलं. मग हाताची आग झाली आणि ते चित्र मोडलं.

"बेळगावाचं खूळ सोडा," शानभोग म्हणाला. "तिकडं लखूचे दोन मेव्हणे कोर्टात कारकून आहेत. तारखेवर तारीख पडेल. तुमचा दावा उभा राहीपर्यंत मळ्यात त्याची लाकडं दहा पावसाळे खातील. हळ्याळला एक वाट होती. पण ती बंद आहे."

"कसली वाट?" गिरजानं विचारलं. तिचा आवाज तिलाच बारीक वाटला.

"हे दोन गुंठे खोटे असते ना वैनी, तर मजा होती. खानापूरला काहीच नाही, म्हणजे त्या कचेरीत हा कागद नोंदवायचा अधिकारच नाही. नोंद फुकट. नोंद फुकट, तर विक्री फुकट. हळ्याळच्या कोर्टातला मुनसफ फार खोलात शिरलासुद्धा नसता. माघाच्या आत मळा तुमचा." त्यानं सुस्कारा टाकला. "पण काय करणार! तुमचे दोन गुंठे पडले खरे."

"खरंच की," झिलू हळहळला. "वैनीच्या बापानं आंदण दिलं नसतं, तर वाचलो आस्तो."

"गप," नारायण म्हणाला. "मळा जाईना का, पर हिच्या बापाच्या दानाला नाव ठिवू नगंस."

गिरजाला तिथंच जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. सांगावं, तर पस्तीस वर्षांची अब्रू या खळ्यावर उघडी पडणार. दीर, जावा, वाडी, सगळ्यांनी तिचे गरे कौतुकानं खाल्लेले. न सांगावं, तर सोळा तोंडांचा भात लखूच्या डेपोखाली. तिनं नवऱ्याची बाही ओढली. "अवो, वाईच घरात या. बोलायचं हाय."

"लुगड्याचं मागनं बोलू," नारायण म्हणाला आणि पुन्हा भांडणात घुसला.

इतका वेळ एक माणूस गप्प होता. नागू बुधवंत. दहा वाड्यांच्या तंट्यात त्याचा शब्द शेवटचा, म्हणून त्याला कुणी घाईनं विचारत नसे आणि तोही घाईनं सांगत नसे. आता त्यानं तोंडातलं पान थुंकलं.

"भांडताय कशाला? राखणदाराला इचारू. बेळगाव का हळ्याळ, त्यो सांगंल."

यावर कुणाला काय बोलायचं असणार? खळ्याच्या टोकाला ऐनाच्या झाडाखाली वाडी राखणाऱ्या देवाचा, राखणदाराचा दगड होता. सगळी वरात तिकडं निघाली. केशरनं वेणीतली शेवंती काढून दिली. नागूनं दगडावर पाणी ओतलं, दोन पाकळ्या भिजवून उजव्या-डाव्या अंगाला चिकटवल्या. उजवी बेळगाव, डावी हळ्याळ; जी आधी पडेल तिचा कौल. शानभोग कागद काखेत धरून मागं उभा राहिला; कायदा तिथं संपतो हे त्याला पन्नास वर्षांत कळलं होतं.

कौल मागण्याआधी नागूची एक रीत होती. घरातल्या माणसांनी पोटात काही दडवून कौल मागायचा नाही. मागितला, तर तो कौलच नव्हे. तो वळला आणि त्यानं विचारलं, "कुनाच्या पोटात काय हाय का?"

"न्हाई!" सगळे ओरडले. गिरजाही म्हणाली.

"कुनाच्या पोटात काय हाय का?"

"न्हाई!"

तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा गिरजानं ओठ हलवले, पण शब्द फुटला नाही. बाकीच्यांच्या गलक्यात ते कुणाला कळलंही नाही. तिला मात्र झिलू आठवला, साहेबासमोर उभा, प्रत्येक प्रश्नाला व्हय म्हणणारा. तो भोळेपणानं म्हणाला होता. आपण कशानं म्हणतोय?

नागूनं गाऱ्हाणं घातलं. वारा नव्हता. उजवी पाकळी जराशी सरकली, थांबली, आणि टपकन खाली पडली.

"बेळगाव!"

झिलूनं परशूला उचलून गरकन फिरवलं, परशू विरुद्ध बाजूचा असूनही. नारायणानं त्या वयात दोन उड्या मारल्या. केशरनं दोन्ही हातांनी गिरजाचा चेहरा कुरवाळून कानशिलावर बोटं मोडली. "अक्का, जायाचं! जायाचं बेळगावला!"

"कौल बाद हाय," गिरजा म्हणाली.

कुणी ऐकलं नाही. मग ती ओरडली. एवढ्या मोठ्यानं ती या घरात कधीच ओरडली नव्हती.

"कौल बाद हाय म्हनते न्हवं! एक मानूस पोटात ठिवून हुबं हुतं हितं!"

सगळं थांबलं. नागूनं शांतपणे विचारलं, "कोन?"

"मी."

आणि तिनं सांगितलं. सासूचं बोलणं, पोचलेलं भांडं, गावकराचं परडं, तीन दिवसांचं कांडण. सांगताना ती कुणाकडं पाहत नव्हती, राखणदाराच्या दगडाकडं पाहत होती. "मला जमीन न्हाई. कवाच नव्हती. तुमी समद्यांनी खाल्लं ते गरं माज्या झाडाचं न्हवं." एवढं बोलून ती खाली बसली.

आणि मग शानभोगानं काखेतला कागद हवेत उडवला.

"अय्यो! गेद्वी! गेद्वी! जिंकलो रे जिंकलो!" सत्तरीचा म्हातारा धोतराचा सोगा धरून नाचायला लागला. "दोन गुंठे नाहीत! अहो, दोन गुंठे नाहीतच! लखूनं थाप खरी मानली आणि कागदावर चढवली! कापोलीच्या कुलकर्ण्याचा उतारा आणतो, परडं गावकराच्या नावावर निघालं की खानापूरची नोंद गेली, विक्री गेली, लखू गेला!"

"लखू म्हणंल की, मला फशिवलं," परशूला शंका आली.

"म्हणू दे! मी फसवायला गेलो आणि मलाच बाईनं फसवलं, असं मुनसफापुढं उभं राहून सांगू दे त्याला!"

आधी केशर हसली. मग झिलू. मग हसण्याचा असा लोंढा आला, की नागू बुधवंतासारखा माणूस झाडाला टेकून डोळे पुसू लागला. जन्मभर रानातल्या लोकांना टोप्या घालणाऱ्या लखू ठेकेदाराला एका नव्या सुनेच्या पस्तीस वर्षांपूर्वीच्या थापेनं पाडलं होतं. झिलू तर गिरजाच्या पायांवर लोटांगणच घालायला निघाला. "वैनी, तुमी खोटं बोलला म्हणून वाचलो! आजून एकांदं आसंल तर आत्ताच सांगा!"

नारायण मात्र हसत नव्हता. तो येऊन गिरजाच्या शेजारी जमिनीवर बसला.

"मला तरी सांगायचं हुतंस."

"तुमी गावभर सांगत हिंडायचासा, आमच्या हिच्या जमिनीतला म्हणून," ती म्हणाली. "तुमचं त्वांड कसं उजळायचं तवा. ते कसं काढून घिऊ?"

नारायणानं तिचा भाजलेला हात पाहिला आणि आपल्या धोतराचं टोक भिजवून त्याभोवती गुंडाळलं, सगळ्यांच्या देखत. असं त्यानं पूर्वी कधी केलं नव्हतं, आणि कसं करायचं हे त्याला नीटसं येतही नव्हतं.

शानभोगाला आता दम निघत नव्हता. त्यानं तिथंच मांडी घातली, दौत उघडली. "दावा हळ्याळला. ठरलं. मुख्य साक्षीदार वैनी. वैनी, मी विचारतो तसं सांगा, पण एक ध्यानात धरा. हे तिथं भरल्या कोर्टात वाचलं जाईल. लखूचा वकील तुम्हाला खोटारडी म्हणेल. चालेल?"

"म्हणू दे. हायेच मी," गिरजा म्हणाली. "म्होरं लिवा."

"बापाचं नाव?"

"रवळू."

"धंदा?"

या घरात या प्रश्नाला पस्तीस वर्षं एकच उत्तर होतं, घरची शेती. केशर, झिलू, परशू, सगळे तिच्याकडं पाहत होते.

"सालगडी. गावकराच्या नांगरामागं."

"जमीन?"

"वीतभर बी न्हाई."

शानभोगाचा टाक करकर चालला. आपल्या बापाचं नाव जसं होतं तसं कागदावर उतरताना पाहून गिरजाला रडू आलं, आणि ते तिनं पदराआड केलं नाही. किती वर्षं तिनं त्या गरीब माणसाला जमीनदार करून ठेवलं होतं; आज पहिल्यांदा तो तिला जवळ आल्यासारखा वाटला.

"झालं," शानभोग म्हणाला. "अंगठा द्या."

"थांबा. आजून लिवा. फणस मी कष्टाचं आनलं. मागून न्हाई, चोरून न्हाई."

"वैनी, दाव्याला त्याची गरज नाही. मुनसफ ते विचारणार नाही."

"लिवा," नारायण म्हणाला.

"अहो, पण कायद्यात त्याला—"

"शानभोग, मळा हिच्या त्वांडानं वाचतोय न्हवं? मग हिच्या त्वांडातलं समदं लिवा. तीन दिस कांडण, दोन फणस. हिशेब तुमीच घाला."

शानभोगानं चष्म्यावरून दोघांकडं पाहिलं. मग त्यानं टाक दौतीत बुडवला, आणि खालच्या मळ्याच्या दाव्यात, जिथं त्याची काहीच गरज नव्हती तिथं, स्वच्छ अक्षरात लिहिलं: दर फणसास दीड दिवस.